तुरटीचा सूरखडा

ग्वाल्हेरच्या दाल बाजारातल्या पंसाऱ्याकडे मी दोन किलो तुरटी मागितली, तेव्हा त्यानं तराजूवरचा हात थांबवून विचारलं, "मॅडम, कुआँ साफ करना है क्या?" मे महिना, सकाळचे साडेअकरा, पण लू सुरू झालेली. मागच्या माणसाला घाई. 'नाही हो, एका जादूच्या राज्यातला गाणारा स्फटिक बनवायचाय' हे हिंदीत कसं सांगायचं ते मला सुचेना. "हाँ" म्हटलं, पिशवी उचलली आणि निघाले.

लष्कर या भागातल्या आमच्या गल्लीत गणपतीत एक संध्याकाळ मुलांच्या नाटकाची असते. ग्वाल्हेरातल्या मराठी घरांमधली ही मुलं एकमेकांशी हिंदीत भांडतात, आयांशी मराठीत, आणि नाटकाच्या निमित्तानं दोन महिने तरी शुद्ध 'ळ' म्हणायला शिकतात. मी शाळेत फिजिक्स शिकवते. त्यामुळे नाटकातले दिवे, आवाज, धूर, गडगडाट या सगळ्याची जबाबदारी आपोआप माझी. एरवी जुनीच एखादी संहिता झाडून पुसून उभी करायची, की भागतं. यंदा माझ्या बारा वर्षांच्या कन्येनं जाहीर केलं, "या वर्षी आम्ही लिहिणार. जादूचं. पण त्यात कांडी नको, चेटकीण नको, आणि शेवटी 'ते स्वप्न होतं' असं तर अजिबात नको."

गोष्ट चांगली होती, हे मान्य करायला हवं. डोंगराच्या पोटात खोदलेला एक किल्ला, त्याचं नाव मुकागड. (घराच्या गच्चीवरून रोज किल्ला दिसत असला की मुलांना दुसरं काही सुचत नाही.) मुकागडच्या लोकांना बोलता येतं, गाता येत नाही. आई पाळणा म्हणायला गेली की पाढे म्हटल्यासारखं ऐकू येतं. सूर गेलेत डोंगराच्या तळाशी, सूरखड्यांमध्ये. एक मुलगी ते आणायला उतरते.

सूरखडा हा शब्द मुलांचाच. मला तो इतका आवडला, की मी मास्तरीण असूनही त्यात एकही दुरुस्ती केली नाही. अंगठीत असतो तो खडा, तुरटीचा असतो तो खडा, आणि आवाज खणखणीत असला की तोही खडा.

अडचण पुढे आली. सूरखड्याला काय काय येतं याची यादी करायला बसलो, तर वहीची चार पानं भरली. खडा आजार बरे करतो, दारं उघडतो, शत्रूला झोपवतो, पाऊस पाडतो. सेनापती होणाऱ्या एका लहानग्याच्या मते मोबाइलही चार्ज करतो. मी म्हटलं, "अरे, याला एवढं सगळं येत असेल तर नाटक पाच मिनिटांत संपेल. याला काय येत नाही ते सांगा." सगळे गप्प. ते कोणालाच माहीत नव्हतं. मलाही नव्हतं.

ते कळलं माझ्या सासऱ्यांकडून. अण्णा एक्क्याऐंशी वर्षांचे. लहानपणी माधव संगीत विद्यालयात गाणं शिकले. 1918 साली माधवराव शिंद्यांनी भातखंड्यांच्या मदतीनं काढलेली ती शाळा. पुढे नोकरीत गाणं राहिलं, पण कान राहिला. आमची बैठक ओसरीत चाललेली आणि ते झोपाळ्यावर डोळे मिटून. मला वाटलं झोपलेत.

"त्या पोरीनं खड्यातून सूर काढून घ्यायचा," ते म्हणाले, "तर बदल्यात खडा काय घेणार?"

"काय घेणार, आजोबा?"

"तिचा सूर. ती 'ग' देईल तेव्हा खडा 'ग' बोलेल. मग तिच्या गळ्यात 'ग' नाही. फुकट कोण देतं?"

पोरं उठून झोपाळ्याभोवती गोळा झाली. पुढचा तासभर मी कोणाच्याच खिजगणतीत नव्हते.

अण्णांनी सांगितलेलं ते काहीच जादूचं नव्हतं, रागाच्या शास्त्रातलेच नियम. रागात पाचांपेक्षा कमी सूर चालत नाहीत. षड्ज, म्हणजे 'सा', कधीच वगळता येत नाही. मध्यम आणि पंचम, म्हणजे 'म' आणि 'प', दोन्ही एकदम गाळता येत नाहीत. संगीताच्या पहिल्या-दुसऱ्या परीक्षेची पोरंसोरं हे घोकून लिहितात आणि विसरतात. मीही घोकलं होतं. पण त्या संध्याकाळी तेच नियम मुकागडचे कायदे झाले. मुलीकडे सात सूर. खड्यांना ती दोनच देऊ शकते. तिसरा दिला तर चार उरतात आणि मग तिला कुठलाच राग उरत नाही, तीही मुकागडची. 'सा' तर द्यायचाच नाही. तो गेला की बाकीचे सहा कशावर उभे राहणार? आणि म, प यांतला एक दिला तर दुसऱ्याला हात लावायचा नाही.

मग मुलं अण्णांच्या मागेच लागली. कोणते दोन द्यायचे? 'म' आणि 'नि' दिले तर भूप उरतो. 'ग' आणि 'ध' दिले तर सारंग. 'ग' आणि 'नि' दिले तर दुर्गा. मतदान झालं. भूप बहुमतानं जिंकला, कारण क्लासमध्ये तोच पहिला शिकवतात आणि सगळ्यांना येतो. अण्णांनी निकाल धुडकावला. "किल्ल्यावरची गोष्ट आहे ना? दुर्गावरची पोर. दुर्गाच गाईल." लोकशाही संपली.

एका मुद्द्यावर मात्र आठवडाभर भांडण चाललं. दिलेला सूर परत मिळतो की नाही? सेनापतीचं म्हणणं, हजिऱ्याला जाऊन तानसेनाच्या कबरीजवळच्या चिंचेचा पाला खायचा, मिळतो. ग्वाल्हेरच्या प्रत्येक घरात हे सांगतात, त्या चिंचेचा पाला चावला की गळा गोड होतो. मी विरोध केला. पाला चावून सूर परत येणार असेल तर तो देताना रडायचं कशाला? कन्या म्हणाली, "म्हणजे कधीच परत येणार नाही? हे वाईट आहे, आई." शेवटी तोड निघाली. तो सूर दुसऱ्या कोणी माणसानं तिच्यासाठी गायला तरच परत येतो. स्वतः मिळवता येत नाही. नाटकात तिचा धाकटा भाऊ शेवटी 'ग' लावणार. हा नियम सगळ्यांनी वहीत सह्या करून मान्य केला. सह्यांचं सांगते, कारण पुढे त्यावरून रामायण झालं.

आता तुरटी.

मला खरा स्फटिक हवा होता. थर्माकोल आणि चमकी नको. शाळेत मी मुलांना तुरटीचे स्फटिक करायला लावते, पण ते मोहरीएवढे. मोठा करायचा तर धीर लागतो आणि धीर शाळेच्या वेळापत्रकात बसत नाही. पद्धत साधी आहे. गरम पाण्यात तुरटी विरघळेल तेवढी विरघळवायची, पातळ फडक्यातून गाळायची आणि थोडं पाणी बशीत रात्रभर ठेवायचं. सकाळी तळाशी बारीक खडे दिसतात. त्यातला सगळ्यांत रेखीव निवडायचा, बारीक दोऱ्याला बांधायचा, आणि उरलेलं पाणी गार झालं की बरणीत अधांतरी सोडायचा. वर पेन्सिल आडवी, तिला दोरा, वरून कागद. मग हात लावायचा नाही.

पहिला खडा मी ओट्यावर ठेवला. सकाळी वाटाण्याएवढा होता. चार वाजता शाळेतून येऊन बघते, तर दोरा मोकळा. मोलकरणीवर संशय, मुलीवर संशय, मांजरावरसुद्धा. दुसरा खडा बांधला. दुसऱ्या दिवशी तोही गेला. तिसऱ्या दिवशी रजा होती, म्हणून बरणीसमोर बसून राहिले आणि मग डोक्यात प्रकाश पडला. फिजिक्स शिकवणाऱ्या बाईला तो पहिल्या दिवशीच पडायला हवा होता. पाणी जितकं गरम, तितकी जास्त तुरटी त्यात मावते. रात्री पाणी निवतं, जादा तुरटी खड्यावर बसते, खडा वाढतो. दुपारी ग्वाल्हेरचा मे महिना स्वयंपाकघरात शिरतो, पाण्याला पुन्हा भूक लागते आणि ते खडाच खाऊन टाकतं.

जुन्या वाड्याचं तळघर अशा वेळी कामी आलं. एरवी तिथे मोडका पाळणा, पितळी हंडे आणि कोणीच न वाचलेली मासिकं असतात. पण दिवसारात्रीत तापमान फारसं हलत नाही. बरणी हंड्यांच्या मागे ठेवली. दर चार-पाच दिवसांनी तुरटीनं पुन्हा भरलेलं, पूर्ण गार केलेलं पाणी. एकदा घाईत कोमट ओतलं, तर खड्याच्या धारा साबणाच्या वडीसारख्या गोल झाल्या आणि त्या परत धरायला आठवडा गेला. मुलांना निळा खडा हवा होता, म्हणून एका बरणीत खायचा रंग घातला. पाणी शाईसारखं झालं, खडा मात्र जवळजवळ पांढराच राहिला. कण एकाला एक लागून रांगेत बसतात, त्यात परका सहजी मावत नाही. मागून बॅटरी आणि निळा जिलेटिन कागद लावायचा, असं ठरलं.

राखीपौर्णिमेपर्यंत खडा लिंबाएवढा झाला होता. दोन पिरॅमिड तळाला तळ लावून जोडल्यासारखा, आठ बाजू, प्रत्येक बाजू आरशासारखी सपाट. मुलं तळघराच्या पायरीवर ओळीनं बसून बघत होती. "घासला कोणी?" सेनापतीनं विचारलं. कोणीच नाही. तो तसाच वाढतो. हे त्याला यादीतल्या कुठल्याही जादूपेक्षा मोठं वाटलं. मलाही वाटतं, दरवर्षी.

मग कन्येनं चमच्यानं त्याला हलकेच मारलं. टक्. बस. ना घुमणं, ना निनाद. कोळसा कोळशावर पडावा तसा आवाज.

म्हणजे दिसायला खडा झाला होता, बोलायला नाही.

आवाजाच्या शोधात एका रविवारी सगळ्यांना घेऊन जयविलास महालात गेलो. 1874 साली बांधलेला महाल, आणि दरबार हॉलमधली ती दोन झुंबरं. प्रत्येकाचं वजन साडेतीन टन सांगतात. छत ते पेलेल का हे बघायला आधी हत्ती वर चढवले होते, ही गोष्ट गाइड अजूनही त्याच उत्साहानं सांगतात. हत्तींचा आकडा मात्र दर वेळी वेगळा. मुलांना जेवणाच्या टेबलावरची चांदीची आगगाडीच जास्त आवडली. आमच्या नायिकेनं मात्र झुंबराखाली उभं राहून, कोणाला कळायच्या आत, मोठ्यानं 'सा' लावला. ही शेजाऱ्यांची मुलगी, गळा छान. सगळे वर बघत राहिलो. काही किणकिणलं नाही. पहारेकरी आला आणि आम्ही सभ्यपणे पुढच्या दालनात गेलो.

परत येताना टेम्पोत मी सांगितलं, की झुंबराच्या ज्या काचेला क्रिस्टल म्हणतात, ती स्फटिक नसतेच. काचेत कण रांगेत नसतात, जत्रेसारखे कसेही उभे असतात. त्या काचेत शिसं घातलेलं असतं, म्हणून ती चमकते आणि पेला वाजवला तर छान गुंजतो. खरा स्फटिक वाजत नाही आणि वाजतो तो स्फटिक नाही. कन्या रुसून म्हणाली, "मग गाणारा खरा स्फटिक जगात नसतोच ना?"

असतो. आणि तो आमच्या जेवणघरातच लटकत होता.

बंद पडलेलं भिंतीवरचं घड्याळ मी ओट्यावर उघडलं. आत तांदळाच्या दाण्याहून जराशी मोठी पत्र्याची नळी असते. त्या नळीत क्वार्ट्झचा, म्हणजे अस्सल स्फटिकाचा, चिमट्यासारखा दुपेडी तुकडा. क्वार्ट्झ दाबला की त्यावर वीज येते, हे पियेर आणि जाक क्युरी या भावांनी 1880 मध्ये दाखवलं. उलटंही होतं. वीज दिली की तो हलतो. घड्याळातला तुकडा सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो. म्हणजे गातोच. फक्त माणसाचा कान साधारण 20,000 पर्यंतच पोचतो, म्हणून घरोघरी तो वर्षानुवर्षं गातोय आणि कोणाला पत्ता नाही.

"32,768 च का?" हा प्रश्न अण्णांनी विचारला. गणितात त्यांना रस नाही, पण वेडावाकडा वाटणारा आकडा त्यांना खुपतो. मी म्हटलं, कारण तो दोननं भागत गेलं की पंधराव्या भागाला बरोब्बर एक येतो. घड्याळातली चिप तेच करते, पंधरा वेळा निम्मं. मग सेकंदाला एक ठोका.

अण्णा थोडा वेळ बोटं मोडत बसले. मग म्हणाले, "निम्मं म्हणजे एक सप्तक खाली."

मी दहा वर्षं तो आकडा फळ्यावर लिहितेय. सप्तक माझ्या डोक्यात कधी आलं नव्हतं. कंपनं निम्मी झाली की तोच सूर एक सप्तक खाली येतो. म्हणजे घड्याळाची टिकटिक हा त्या खड्याचाच षड्ज आहे, पंधरा सप्तकं खाली उतरवलेला. त्या रात्री संहितेत मुकागडच्या तळाकडे जाणाऱ्या पंधरा पायऱ्या आल्या. वर खडा गातोय पण ऐकू येत नाही. मुलगी एकेक पायरी उतरते, आणि सूर एकेक सप्तक.

कसं ऐकू येईल ते बघू, म्हणून मोबाइलवर सूर काढणारं ॲप घेतलं. पहिली पायरी, 16,384. बटण दाबलं. काही नाही. फोन बिघडला की काय म्हणून मी पुन्हा दाबलं, आणि वर बघितलं तर सगळ्या मुलांनी कान झाकलेले. "काकू, बंद करा ना!" सेनापती ओरडला.

मी अठ्ठेचाळीस वर्षांची आहे. वयानुसार वरचे आवाज ऐकू येईनासे होतात, हे मी शिकवते. पण आपल्यासमोर काहीतरी वाजतंय, सगळ्या पोरांना त्रास होतोय, आणि आपल्या लेखी खोली अगदी शांत आहे, हे मला पहिल्यांदाच कळलं. दुसरी पायरी, 8,192. मला ऐकू आलं, सुईसारखं. अण्णांनी मान हलवली, नाही. तिसरी, 4,096. "हां, रातकिडा आहे कुठेतरी," अण्णा म्हणाले. कोणी हसलं नाही. कन्येनं फोन माझ्या हातातून काढून घेतला आणि अण्णांसाठी चौथी पायरी जरा मोठ्यानं लावली.

खालच्या टोकाला वेगळीच गंमत. दहाव्या पायरीवर 32 उरतात, अकराव्यावर 16. तिथे सूर सुटतो. कानाला आवाज न कळता ठोके कळायला लागतात. मग 8, 4, 2, 1. शेजारचा तबला शिकणारा मुलगा हे ऐकून उडालाच. "काकू, ये तो आठगुन, चौगुन, दुगुन, ठाय है!" म्हणजे तबल्यातली आठपट, चौपट, दुप्पट आणि मूळ लय. खरंच आहे. सूर उतरत उतरत लय होतो. शेवटच्या पायऱ्या त्याच्या डग्ग्यावर द्यायच्या ठरल्या. मधल्या पायऱ्यांवर मी फिजिक्स सोडून दिलं, कारण त्या आकड्यांचा षड्ज पेटीवरच्या पांढरी एकच्या किंचित खाली येतो आणि नायिका गाते काळी चारमध्ये. "एका नाटकात दोन षड्ज?" अण्णांनी असं विचारलं, की जणू एका देव्हाऱ्यात बूट ठेवलेत.

खड्यांचा आवाज शेवटी काचेच्या पेल्यांतून मिळाला. ओलं बोट पेल्याच्या काठावरून फिरवलं की पेला गातो, हे पुष्कळांना माहीत असतं. 1761 मध्ये बेंजामिन फ्रँकलिननं त्याच तत्त्वावर काचेची भांडी एका दांड्यावर ओवून वाद्यही केलं होतं. आमच्या घरचे पेले जाड, ढिम्म. बाड्यावरच्या बाजारातून आणलेले सहा पेलेही मुके निघाले. पातळ काचेचे, दांडीचे पेले शेजारच्या वहिनींकडे होते. ते त्यांच्याकडे का होते हे गल्लीत कोणी विचारलं नाही आणि मीही विचारणार नाही. हात साबणानं धुवायचे. तेलकट बोटाला पेला उत्तर देत नाही. पाणी जास्त तर सूर खाली, कमी तर वर. सा, ग, नि असे तीन पेले. थेंबाथेंबानं मिळवायला अण्णा, शेजारी तानपुरा. वरचं 8,192 ऐकू न येणारा हाच माणूस गांधारात थेंबभर फरक असला की भुवई उचलत होता.

पेले वाजवायला माझी कन्या. गाण्यात तिला गती नाही. तिचं तिलाच माहीत आहे, आणि म्हणूनच नायिकेची गोष्ट तिनं लिहिली पण भूमिका मागितली नाही. बोट मात्र स्थिर.

प्रयोगाचा दिवस. सातला पडदा, म्हणजे पावणेआठला. सव्वासातला अण्णा विंगेत येऊन पेले तपासतात तर निषाद थेट वरच्या षड्जाला जाऊन टेकलेला. "निषाद कोणी प्यायला?" एवढ्या मोठ्यानं अण्णा गेल्या दहा वर्षांत ओरडले नसतील. मिशा लावलेला सेनापती पुढे आला. त्याला तहान लागली होती. पुन्हा पाणी, ड्रॉपर, अण्णांचं गुणगुणणं. "अजून दोन थेंब. एक. हां, हात नको लावू."

माझा घोटाळा दुसऱ्या बाजूला. साउंडवाल्या भाऊंना मी पेन ड्राइव्ह देऊन सांगितलं होतं, की पहिला ट्रॅक अगदी हळू, दोनच सेकंद. त्यांनी लावून बघितला. त्यांना काही ऐकू आलं नाही. वय पन्नाशीचं असेल, येणार नव्हतंच. "मॅडम, इसमें तो कुछ है ही नहीं," ते पुटपुटले आणि आवाज वाढवला. मी विंगेच्या त्या टोकाला, मलाही पत्ता नाही. नायिकेनं पहिल्या पायरीवर पाय ठेवला आणि पुढच्या चार रांगांतली सगळी पोरं एकदम किंचाळली. मागच्या खुर्च्यांवरचे काका, काकू, आजी गोंधळून एकमेकांकडे बघताहेत. कुठे काय झालं? झुरळ निघालं का? मी धावत जाऊन ट्रॅक बदलला. पण ती तीन-चार सेकंदं, जेव्हा मुकागडचा खडा फक्त पोरांनाच ऐकू येत होता आणि मोठ्यांना नाही, तसं मी बसवलं असतं तर बसलं नसतं.

पायऱ्या नीट उतरल्या. डग्गा आठगुनीतून ठायीला आला, घड्याळाच्या चालीवर. निळ्या उजेडात खडा दिसला, शेवटच्या रांगेतून दिसला की नाही देव जाणे. नायिकेनं 'ग' दिला, मग 'नि' दिला. मग तिनं आरोह म्हटला, तो असा: सा, रे, आणि 'ग'च्या जागी तोंड उघडं पण आवाज नाही, मात्रा रिकामी, मग म, प, ध, पुन्हा रिकामी, सां. तालमीत पन्नासदा ऐकलेलं. तरी त्या रिकाम्या मात्रेला माझ्या शेजारी उभ्या असलेल्या साउंडवाल्यांनी चुकचुक केलं. मग दुर्गा.

शेवटी धाकट्या भावानं येऊन 'ग' लावायचा. धाकटा भाऊ सात वर्षांचा. नऊ वाजून गेले होते. तो विंगेत गाद्यांच्या ढिगावर गाढ झोपला होता, तोंडात अर्धा मोदक. नायिका रिकाम्या मात्रेवर हात पसरून उभी. एक, दोन, तीन. कोणी येईना. मी प्रॉम्प्टिंगला तोंड उघडलं, पण माझा गांधार लागला नसता.

आणि पडद्यामागून पेला बोलला. बारीक, लांब, थरथरता 'ग'. कन्येनं बोट फिरवलं होतं. नायिकेनं क्षणभर मागे बघितलं, मग त्यात आवाज मिसळला आणि पुढे गेली. टाळ्या पडल्या. प्रेक्षकांना वाटलं, गोष्ट अशीच आहे.

मुलांना वाटलं नाही. पडदा पडल्यापडल्या वही निघाली, सह्या निघाल्या. "नियम काय होता? दुसऱ्या माणसानं गायला पाहिजे! खडा माणूस आहे का?" नायिका म्हणे, खड्यानं सूर फुकट परत दिला, मग दुसऱ्या अंकात मी रडले कशाला? सेनापतीला मात्र मतच नाही, कारण निषाद त्यानंच प्यायला होता. कन्या रडवेली होऊन म्हणाली, "पण वाजवला तर मी ना! मी माणूस आहे ना!" त्यावर सगळे विचारात पडले. दुसऱ्या दिवशी विसर्जनाच्या मिरवणुकीतही यावर चर्चा चालू होती, आणि माझ्या माहितीप्रमाणे अजून निकाल लागलेला नाही.

अण्णांना मी रात्री विचारलं, कसं झालं. औषधाची गोळी घेता घेता म्हणाले, "गांधार जरासा चढा होता. पोरीनं पाण्यात बोट बुडवताना उडवलं असणार." मग थांबून, "सुरुवातीला पोरं किंचाळली, तेव्हा काही वाजत होतं का?"

"हो, अण्णा."

"मला वाटलंच."

खडा कुठे ठेवायचा, हा प्रश्न राहिला. तुरटीचा स्फटिक कोरड्या हवेत हळूहळू पांढुरका होतो, म्हणून त्यावर रंगहीन नेलपॉलिशचा हात द्यायचं माझ्या मनात होतं. दिवाळीच्या साफसफाईपर्यंत राहूनच गेलं. आता तो मोरीतल्या बेसिनच्या कडेला, आरशाखाली असतो. अण्णा रोज सकाळी दाढी झाली की तो ओला करून गालावरून फिरवतात, वस्तऱ्याचं कापलेलं झोंबतं तेव्हा 'स्स' करतात आणि परत जागेवर ठेवतात. एका बाजूचा कोपरा पार गोल झालाय. कन्या म्हणते, पुढच्या वर्षी नवा करावा लागेल, आई, मे महिन्यात तळघर रिकामं ठेव.

पंसाऱ्याकडे मीच जाईन. या वेळी तीन किलो आणते.